बर्फावरची गाडीवाट

पाटोद्यात बर्फ दिसतो तो रसवंतीवर, नाहीतर गोळेवाल्याच्या गाडीवर. बीड जिल्ह्यातला, बालाघाटाच्या रांगेतला हा तालुका पर्जन्यछायेतला. उन्हाळ्यात पारा चाळिशी ओलांडतो आणि थंडी म्हणजे पौषातल्या काही रात्रींची शेकोटी. तरीही उत्तर ध्रुवाकडच्या कुत्र्यांच्या गाड्यांची हकिकत इथल्या वाचकापुढे ठेवावीशी वाटते. जनावरं जुंपायची, संसार गाडीत भरायचा आणि सहा-सहा महिने परमुलखात काढायचे, याचा अर्थ काय हे महाराष्ट्रात ज्या तालुक्यांना समजावून सांगावं लागत नाही, त्यांत पाटोदा येतो. दसरा झाला की इथल्या टोळ्या ऊसतोडीला निघतात. हा दिवाळी अंक तुमच्या हाती पडेल तेव्हा निम्मी गावं रिकामी झालेली असतील.

बर्फाळ प्रदेशातल्या मोहिमांवर जगात ढिगानं पुस्तकं आहेत. बहुतेकांत वादळ, धाडस, झेंडा आणि पुढाऱ्याचा फोटो असतो. गाडी ओढणाऱ्या माणसाला मात्र वेगळे प्रश्न पडतात. जनावरांनी खाल्लं काय? ओझं किती होतं? पाय सोलले तेव्हा काय केलं? बाईमाणूस बरोबर होतं का, आणि तिनं काय काम केलं? या प्रश्नांना नीट उत्तरं देणारी एक मोहीम शंभर वर्षांपूर्वी झाली.

तीन माणसं, दोन गाड्या

मार्च १९२३. कॅनडातल्या हडसन उपसागराच्या उत्तर टोकाला डेन्मार्कच्या एका मोहिमेचा तळ होता. तिथून क्नूद रासमुसेन पश्चिमेकडे निघाले. बरोबर दोन स्लेज, म्हणजे बर्फावरून घसरत जाणाऱ्या बिनचाकी गाड्या, कुत्र्यांचे दोन ताफे आणि ग्रीनलंडच्या थुले भागातले दोन इनुइट, म्हणजे तिथले मूळ रहिवासी, सोबती. आर्नारुलुंग्वाक ही तिशीच्या आतली बाई आणि कावीगार्सुआक हा तिचा तरुण नातेवाईक. गाठायचं होतं अलास्का, म्हणजे खंडाचं दुसरं टोक.

रासमुसेन १८७९ मध्ये ग्रीनलंडमध्येच जन्मले. वडील डॅनिश पाद्री, आईच्या घराण्यात इनुइट रक्त. इनुइट पोरांत खेळतच ते भाषा शिकले आणि कुत्री हाकायलाही. १९१० मध्ये पीटर फ्रॉयखेन या मित्राबरोबर त्यांनी थुले इथं व्यापारी ठाणं उघडलं आणि त्याच्याच आधारानं एकापाठोपाठ मोहिमा काढल्या. १९२१ ते १९२४ ची ही पाचवी. कुठलाही ध्रुव जिंकायला ते निघालेले नव्हते. ग्रीनलंडपासून अलास्कापर्यंत विखुरलेल्या इनुइट वस्त्यांची गाणी, गोष्टी, देवदेवस्की, हत्यारं आणि रीतिरिवाज टिपून घ्यायचे होते. मोहिमेचे अहवाल पुढे दहा खंडांत छापले गेले.

आर्नारुलुंग्वाक नवऱ्याबरोबर या मोहिमेत आली होती. मोहीम ग्रीनलंड सोडण्याआधीच नवरा आजारपणात गेला. तिला परत जाता आलं असतं, पण ती पुढे निघाली. फ्रॉयखेन यांचा पाय याच मोहिमेत हिमदंशानं निकामी झाला आणि पुढे कापावा लागला. एकाच मोहिमेतल्या या दोन गोष्टी. फ्रॉयखेन यांच्या पायाची कथा जगभर गाजली. आर्नारुलुंग्वाकचं नाव आजही फारसं कुणाला ठाऊक नाही.

तिघांचा प्रवास सव्वा वर्षाहून अधिक चालला. मे १९२४ मध्ये ते अलास्काच्या उत्तर टोकाला पॉइंट बॅरोला पोचले आणि उन्हाळा सरता सरता पश्चिम किनाऱ्यावरच्या नोम शहरात. अटलांटिक आणि पॅसिफिक यांना उत्तरेकडून जोडणाऱ्या ज्या वायव्य मार्गासाठी युरोपची जहाजं शतकानुशतकं फुटली, तो मुलूख कुत्र्यांच्या गाडीनं पार झाला. पुढे सायबेरियातल्या वस्त्याही पाहायच्या होत्या. रासमुसेन समुद्र ओलांडून गेले, पण सोव्हिएत अधिकाऱ्यांनी परवानगी नाकारली आणि त्यांना माघारी फिरावं लागलं.

वैरणीचा हिशेब

कुत्रं काही कडबा खात नाही. ते मांस खातं, आणि बर्फाळ मुलखातला सगळा प्रवास या एका गोष्टीवर उभा असतो.

हिशेब मांडून पाहू. एका गाडीला बारा कुत्री धरली आणि गाडीवरच्या ओझ्यातलं तीनशे किलो फक्त त्यांच्या खाण्याचं धरलं. पेमिकन, म्हणजे सुकवलेलं मांस आणि चरबी यांचा घट्ट गोळा, दिला तर कुत्र्याला दिवसाला साधारण अर्धा किलो लागतो. बारा कुत्र्यांना सहा किलो. तीनशे किलो पन्नास दिवस पुरेल. तेच सील या समुद्री प्राण्याचं कच्चं गोठलेलं मांस दिलं आणि कुत्र्यामागे दोन किलो धरलं, तर रोजचे चोवीस किलो झाले. मग बाराव्या-तेराव्या दिवशी गाडी रिकामी आणि समोर अजून हजार कोस. जास्त खाणं घ्यावं तर ओझं वाढतं, ओझं वाढलं की कुत्री वाढवावी लागतात, आणि कुत्री वाढवली की पुन्हा खाणं वाढतं.

या फासातून सुटायला दोनच वाटा आहेत. पहिली रोआल्ड आमुंडसेन यांची. १९११ मध्ये दक्षिण ध्रुवाकडे निघताना त्यांनी चार गाड्यांना बावन्न कुत्री जुंपली. ओझं कमी होत जाईल तशी कोणती कुत्री मारायची आणि कुणाला खाऊ घालायची, हे निघण्याआधीच ठरलेलं होतं. डोंगर चढून पठारावर पोचल्यावर एकाच मुक्कामात चोवीस कुत्री मारली. १४ डिसेंबर १९११ ला ध्रुव गाठला. तळावर परत आली ती अकरा कुत्री. पाची माणसं धडधाकट परतली. त्याच मोसमात ध्रुवाकडे निघालेल्या स्कॉट यांच्या इंग्रज तुकडीनं शेवटी गाड्या स्वतःच्या छातीनं ओढल्या आणि ध्रुवावरून परतताना पाचीजण वाटेत मेले. आमुंडसेन यांच्या हिशेबात खोट नव्हती, पण बैलाला पोळ्याच्या दिवशी ओवाळणाऱ्या माणसाला तो हिशेब घशाखाली उतरणार नाही.

दुसरी वाट रासमुसेन यांची, म्हणजे इनुइटांची. खाणं वाटेवर मिळवायचं. मुक्काम पडला की एकानं शिकारीला जायचं. समुद्र गोठला की सील श्वास घ्यायला ज्या भोकाशी येतो त्या भोकाशी तासन् तास न हलता उभं राहायचं. उन्हाळ्यात मासे पकडून दगडांखाली पुरून ठेवायचे. बर्फ वितळून वाट बंद झाली तर ती पुन्हा गोठेपर्यंत त्याच मुलखातल्या लोकांत राहायचं. १९२३ चा उन्हाळा आणि त्यानंतरचे शरदाचे दिवस रासमुसेन यांनी असेच किंग विल्यम बेटावर काढले. ते रिकामे बसले नव्हते. शरदात रेनडिअरच्या जातीच्या कॅरिबूची कातडी अंगावर घालायला सर्वांत चांगली असते. ती त्या दिवसांत मिळवली नाही, तर पुढचा हिवाळा काढणं अशक्य.

इथं आर्नारुलुंग्वाकचं काम सुरू होतं. इनुइट पोशाख दुहेरी असतो: आतल्या कातड्याचे केस अंगाकडे, बाहेरच्याचे केस बाहेर. शिलाई जनावराच्या पाठीच्या कंडरेच्या दोऱ्यानं. सीलच्या कातड्याचे बूट असे शिवतात की सुई कातड्याच्या आरपार जात नाही, त्यामुळे पाणी आत शिरत नाही. ओले बूट चरबीच्या दिव्यावर वाळवायचे आणि सकाळी कडक झालेलं चामडं मऊ करून द्यायचं, हे बाईचं रोजचं काम. उणे चाळीसमध्ये एक टाका उसवला तर बोट जातं, पाय जातो. गाडी कुत्री ओढतात हे सगळ्यांना दिसतं. शिलाईचं काम दिसत नाही, आणि मोहीम दोन्हींवर सारखीच तगून असते.

गाडीची जुंपणीही मुलखाप्रमाणे बदलते. ग्रीनलंडमध्ये आणि कॅनडाच्या पूर्वेकडच्या ध्रुवीय भागात झाडं नाहीत, उघडा समुद्रबर्फ आहे. तिथं प्रत्येक कुत्र्याला स्वतंत्र वादी असते आणि ताफा पंख्यासारखा पसरून धावतो; बर्फ एखाद्या ठिकाणी फुटला तर सगळा ताफा एकदम पाण्यात जात नाही. अलास्काच्या जंगलात वाट अरुंद, म्हणून एका मधल्या दोराला जोडीजोडीनं कुत्री बांधतात. सगळ्यांच्या पुढे म्होरक्या कुत्रा. स्लेजच्या पट्ट्यांवर ओली माती थापून ती गोठवायची आणि वर पाण्याचा पातळ थर चढवायचा. असा गुळगुळीत झालेला पट्टा भरल्या गाडीलाही हलकं करतो. वसंतात वरचा बर्फ सुईसारखा टोकदार होतो, तेव्हा कुत्र्यांच्या पायांत कातड्याचे बूट घालतात. बैलाला नाल मारल्याशिवाय डांबरी रस्त्यावर न काढणाऱ्या गाडीवानाला याचं नवल वाटणार नाही.

एकाच बेटावर तीन पाहुणे

रासमुसेन जिथं थांबले त्या किंग विल्यम बेटाचा इतिहास मुद्दाम सांगण्यासारखा आहे.

१८४५ मध्ये इंग्लंडमधून सर जॉन फ्रँकलिन यांची दोन जहाजं वायव्य मार्ग शोधायला निघाली. १२९ माणसं, डबाबंद अन्न, वाफेची इंजिनं, हजारावर पुस्तकं. बेटाच्या जवळ जहाजं बर्फात अडकली. माणसांनी जड होड्या गाड्यांवर चढवून स्वतः ओढत दक्षिणेकडे चालायला सुरुवात केली. एकही जगला नाही. त्याच परिसरात नेत्सिलिक इनुइट बायकापोरांसह, म्हाताऱ्यांसह राहत होते.

१९०३ मध्ये आमुंडसेन ग्योआ नावाच्या छोट्या जहाजातून त्याच बेटावर आले आणि दोन हिवाळे राहिले. त्यांनी नेत्सिलिकांकडून कातड्याचे कपडे, बर्फाचं घर आणि कुत्री हाकणं शिकून घेतलं. दक्षिण ध्रुवावर ते जिंकले त्याची तयारी या बेटावर झाली होती.

१९२३ मध्ये रासमुसेन आले. ते लोकांच्या भाषेत बोलले, त्यांच्या घरात राहिले आणि त्यांचं म्हणणं लिहून घेतलं.

इंग्रज तुकडी त्या मुलखाला ओसाड समजून आली आणि मेली. दुसऱ्यानं तिथल्या लोकांचं कसब घेतलं आणि यश मिळवलं. तिसऱ्यानं कसबाबरोबर कसब असणाऱ्यांची नावंही लिहून ठेवली. माझ्या मते तिघांत थोर तिसरा.

या वाटेवरून पुढे एक शेतकऱ्याचा मुलगाही गेला. जपानच्या ह्योगो प्रांतातले नाओमी उएमुरा आधी ग्रीनलंडच्या सियोरापालुक या अगदी उत्तरेच्या वस्तीत राहिले, इनुइटांकडून कुत्री हाकायला शिकले, आणि मग १९७४ ते १९७६ या काळात ग्रीनलंडपासून अलास्कापर्यंत एकट्यानं सुमारे १२,००० किलोमीटर प्रवास केला. १९७८ मध्ये ते कुत्र्यांच्या गाडीनं एकट्यानं उत्तर ध्रुवावर पोचले. त्या वेळी सुरुवातीच्याच दिवसांत एका पांढऱ्या अस्वलानं त्यांचा शिधा फस्त केला होता.

नोमला घटसर्प

रासमुसेन ज्या नोम शहरात पोचले, तिथं काही महिन्यांतच, जानेवारी १९२५ मध्ये, घटसर्पाची साथ आली. गावात एकच डॉक्टर, कर्टिस वेल्च. जवळचं औषध जुनं झालेलं. बंदर गोठलेलं, विमानाचा भरवसा नाही. नोमला जवळात जवळचं रेल्वे स्थानक नेनानाचं आणि तिथून नोम १०८५ किलोमीटर. प्रतिविषाची पेटी वीस गाडीवानांनी आणि सुमारे दीडशे कुत्र्यांनी टप्प्याटप्प्यानं साडेपाच दिवसांत पोचवली. २ फेब्रुवारीच्या पहाटे गुन्नार कासेन यांची गाडी गावात शिरली, म्होरक्या होता बाल्टो. त्याच वर्षी डिसेंबरात न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये बाल्टोचा पुतळा उभा राहिला.

सर्वांत लांब आणि अवघड टप्पा मात्र लिओनार्ड सेप्पाला यांचा होता, आणि त्यांचा म्होरक्या टोगो तेव्हा बारा वर्षांचा म्हातारा कुत्रा होता. त्यानं फुटायला आलेल्या समुद्रबर्फावरून गाडी पार नेली. वीस गाडीवानांत बरेचसे अलास्काचे मूळ रहिवासी होते. शेवटचा टप्पा ज्याच्या वाट्याला आला, त्याला पुतळा मिळाला.

यंत्र आलं

सायबेरियाजवळच्या झोखोव बेटावर सापडलेले पुरावे सांगतात की माणूस नऊ हजारांहून अधिक वर्षं कुत्र्यांकडून गाडी ओढून घेतो आहे. एवढी जुनी विद्या एका पिढीत मागे पडली. १९६० च्या दशकात स्नोमोबाइल, म्हणजे बर्फावर चालणारी मोटार, वस्त्यावस्त्यांत शिरली. कॅनडाच्या पोलिसांनी १९६९ मध्ये कुत्र्यांची शेवटची गस्त घातली. त्याआधीच्या आणि नंतरच्या काही वर्षांत सरकारनं इनुइटांना कायम वस्तीच्या गावांत आणलं, आणि तिथं मोकळी फिरणारी कुत्री मोठ्या संख्येनं गोळ्या घालून मारली गेली. कुत्री गेल्यावर अनेकांचं शिकारीला जाणं थांबलं, कित्येक माणसं सरकारी मदतीवर आली. इनुइटांनी हा विषय सोडला नाही. स्वतःचा चौकशी आयोग नेमला, म्हाताऱ्यांच्या साक्षी लिहून घेतल्या, आणि २०१९ मध्ये कॅनडा सरकारला माफी मागावी लागली.

अलास्कात जो रेडिंग्टन यांनी वेगळा मार्ग धरला. गावोगावची कुत्री नाहीशी होताना पाहून त्यांनी १९७३ मध्ये अँकरेज ते नोम अशी सुमारे १६०० किलोमीटरची इडिटारॉड शर्यत सुरू केली. तीत धावणाऱ्या कुत्र्याला दिवसाला दहा हजार कॅलरींच्या आसपास खाणं लागतं. शर्यतीत कुत्री मरतात म्हणून तिच्यावर टीकाही जोरात होते आणि ती टीका गैर नाही. पण शर्यतीमुळे जुनी वाट नकाशावर राहिली हेही खरं. ग्रीनलंडच्या ईशान्य किनाऱ्यावर डेन्मार्कची सिरियस ही लष्करी तुकडी आजही दोन माणसं आणि एक कुत्र्यांची गाडी अशी महिनोन् महिने गस्त घालते.

आता बर्फच पातळ होऊ लागला आहे. जून २०१९ मध्ये डेन्मार्कच्या हवामान संस्थेचे स्टेफन ओल्सेन यांनी ग्रीनलंडच्या कानाक गावाजवळ काढलेल्या छायाचित्रात कुत्री घोटाभर पाण्यातून गाडी ओढताना दिसतात. खाली समुद्रबर्फ, वर वितळलेलं पाणी. आपल्या गोव्यात वास्कोला असलेलं राष्ट्रीय ध्रुवीय आणि सागरी संशोधन केंद्र नॉर्वेच्या स्वालबार्डमध्ये २००८ पासून ‘हिमाद्री’ हे संशोधन केंद्र चालवतं. उत्तर ध्रुवाकडचा समुद्रबर्फ घटण्याचा भारतातल्या सप्टेंबरच्या अतिवृष्टीशी संबंध असावा, असं या संस्थेच्या शास्त्रज्ञांनी मांडलं आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये मराठवाड्यात शिवारं वाहून गेली, त्यामुळे हा अभ्यास आपल्यालाही दूरचा राहिलेला नाही.

बालाघाटातून निघणारी वाट

पाटोदा तालुक्यात मांजरा उगम पावते. पाणी इथून निघून खाली जातं आणि माणसंही. सहकारी साखर कारखानदारी १९५० च्या सुमाराला प्रवरानगरला सुरू झाली, पुढे पश्चिम महाराष्ट्रभर पसरली, आणि तोडणीला माणूस लागला तो बीड जिल्ह्यातल्या कोरडवाहू गावांतून. १९७२ च्या दुष्काळानंतर ही वाट अधिकच रुळली.

जुने गाडीवान या वाटेबद्दल बोलतात तेव्हा बैलांपासून सुरुवात करतात. गाडीत ज्वारी-बाजरीचं पोतं, भांडी, गोधड्या, कोंबड्या, लेकरं आणि वाटेपुरता कडबा. बैल दिवसाला सात-आठ कोस चालणार, त्याच्यावर नाही. मुक्काम पाण्याच्या ठिकाणी. नगर जिल्ह्यातला कारखाना असेल तर आठवड्याभराची वाट, सांगली-कोल्हापूरकडे दोन आठवडे आणि वर. कारखान्यावर पोचलं की वैरणीची चिंता मिटते, कारण तोडलेल्या उसाचं वाढं बैलांना मिळतं. वाटेवरचे दिवसच कठीण. म्हणजे इथलाही प्रवास जनावराच्या पोटानंच मोजला जात होता.

मग कोपी उभी राहते, उसाच्या पाचटाची आणि ताडपत्रीची. पहाटे अंधारात फड सुरू होतो. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’. मुकादमाकडून उचल घेतली जाते ती या जोडीवर. नवरा तोडतो, बाई मोळ्या बांधते, डोक्यावरून गाडीपर्यंत वाहते, आणि कोपीवर परतल्यावर चूल, पाणी, लेकरं तिचीच. हिशेबात मात्र ती अर्धा कोयता. २०१९ मध्ये बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न राज्यभर गाजला, नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. अनेक बायकांनी तेव्हा सांगितलं ते हेच होतं की पाळी आली तरी खाडा परवडत नाही.

लाकडी चाकाची गाडी जाऊन टायरगाडी आली. बैल आता ट्रकमध्ये चढवून नेतात. ट्रॅक्टरच्या टोळ्या वाढल्या आणि फडात ऊसतोडणी यंत्रं फिरू लागली. ऊसतोडीचं काम संपावं, कोयत्याऐवजी पोरांच्या हाती दुसरं काही यावं, असंच कुणालाही वाटेल. उणे चाळीसमध्ये कुत्री हाकण्यातही काही गोडी नव्हती. इनुइट तरुणानं मोटार घेतली यात त्याची चूक नाही. पण इनुइटांच्या वाटा, मुक्काम, शिलाया, जुंपणीच्या तऱ्हा कागदावर आहेत. म्हाताऱ्यांच्या साक्षीही कागदावर उतरल्या, आणि त्यांच्या बळावर त्यांनी सरकारला जाब विचारला. पाटोद्याची गाडीवाट माझ्या माहितीत कुठेच लिहिलेली नाही. मुकादमाच्या वहीत उचल लिहिली जाते, कारखान्याच्या पावतीवर टन लिहिले जातात. कोण कुठून गेलं, कुठं थांबलं, कुणाचं बाळंतपण कोणत्या मुक्कामावर झालं, हे ज्यांच्या लक्षात आहे ती माणसं ऐंशीच्या घरात गेली आहेत.

म्हणून या अंकाच्या वाचकाला, विशेषतः पाटोदा, आष्टी, शिरूरच्या शिक्षकांना आणि महाविद्यालयातल्या पोरापोरींना एक विनंती. मोबाइलवर आवाज टिपता येतो, त्याला पैसे पडत नाहीत. एका म्हाताऱ्या गाडीवानाला विचारा: पहिला मुक्काम कुठं पडायचा, पाणी कुठं मिळायचं, बैल आजारी पडला तर काय करायचात, कुठल्या गावानं आसरा दिला आणि कुठल्या गावानं हाकललं. त्याच्या शेजारी बसलेल्या आजीलाही तेच प्रश्न विचारा, आणि तिचं उत्तर तिच्याच नावानं लिहा. गावाचं नाव, साल आणि कारखाना नोंदवून ती वही गावच्या वाचनालयात ठेवा. कामाला सुरुवात करायला हीच दिवाळी बरी. टोळ्या निघून गेल्या की गावात म्हातारी माणसंच मागं राहतात, आणि बोलायला त्यांना वेळ असतो.